उशाशी कोण, पायथ्याशी कोण

निवृत्त झाल्यापासून लग्नात, बारशात, बँकेच्या रांगेत मला एकच प्रश्न विचारतात. "मॅडम, तुम्ही त्या कबरी हलवल्या न? मंग भूत दिसलं का?" मी सांगून टाकते, भूत एकही दिसलं नाही, वारस मात्र पुष्कळ दिसले. लोक हसतात आणि जेवणाकडे वळतात. मलाही बरं वाटतं. खरं सांगायला बसलं की वेळ जातो, आणि माझे गुडघे आता तेवढा वेळ उभं राहू देत नाहीत. तुम्ही बसून लिहायला सांगितलंत, म्हणून लिहिते.

मी भूमापक, म्हणजे जमीन मोजणारी. सगळी नोकरी शेतांचे बांध, प्लॉटच्या हद्दी आणि भावाभावांच्या शिव्या यांत गेली. आज हुडकेश्वरला जिथे माझा फ्लॅट आहे, तिथली शेतंही मीच मोजली होती. तेव्हा तिथे तूर उभी होती. नोकरी संपत आली असताना शहरातल्या एका जुन्या ख्रिस्ती कबरस्तानाची कड रस्ता रुंद करण्यात जाणार असं ठरलं, आणि ऑफिसातल्या सगळ्या पुरुषांना एकदम पाठदुखी, बीपी, मुलीचं लग्न असं सुरू झालं. "मेश्राममॅडम शिस्तीच्या आहेत," असं साहेब मीटिंगमध्ये म्हणाले. बाईला कोणी चारचौघांत शिस्तीची म्हणालं की समजावं, नको असलेलं काम येऊन राहिलं. घरी नणंद म्हणाली, "बाईमाणसानं कबरस्तानात जाऊ नये वं वहिनी." मी म्हटलं, पगार घ्यायला जाते तेव्हा तर कोणी अडवत नाही.

बाहेरच्या माणसाला वाटतं, कबर हलवणं म्हणजे खोदायचं, काढायचं, दुसरीकडे पुरायचं. खोदणं हे त्यातलं सगळ्यात सोपं काम आहे. त्याआधी फाटकावर नोटीस लावायची, वर्तमानपत्रात द्यायची, कोणाचं कोण आहे ते विचारायचं, आणि जे सांगितलं ते खरं आहे का ते तपासायचं. ऑफिसच्या भाषेत याला 'इतिहासाची पडताळणी' म्हणतात. चर्चच्या नोंदीत माणूस कधी गेला आणि कशानं गेला एवढंच असतं. कुठे पुरला हे नसतं, कारण पुढे कोणी टेप घेऊन विचारायला येईल असं तेव्हा कोणाला वाटणार? मग राहतात दोनच साक्षीदार, दगड आणि नातेवाईक.

नातेवाईकांचे काय नमुने पाहिले! एक गृहस्थ एका इंग्रज न्यायाधीशाचे खापरपणतू म्हणून आले. दोघांच्या आडनावाचं पहिलं अक्षर एक, एवढाच पुरावा. चौकशी केली तर त्यांचा डोळा वरच्या संगमरवरावर होता. घरी स्वयंपाकाचा ओटा करायचा होता. "आजोबांची आठवण म्हणून रोज पोळ्या लाटू न, मॅडम," म्हणाले. मी त्यांना चहा पाजून फाटकापर्यंत पोचवलं.

सगळ्यात जास्त विरोध होता डॅनियलचा. हा तिथला राखणदार, फाटकाशेजारच्या खोलीत राहणारा. सत्तरीचा, वाळलेला, सदऱ्याची वरची गुंडीही लावलेली. बाकीचे लोक धर्माचं, कायद्याचं बोलायचे. डॅनियल फक्त माझ्या मागे मागे फिरायचा आणि म्हणायचा, "मॅडम, नका खोदू. झोपू द्या त्याईले." आम्हाला वाटायचं, म्हाताऱ्याला खोली जाण्याची भीती आहे. तुझी खोली जात नाही, असं मी त्याला कितीदा तरी सांगितलं. तो मान हलवायचा आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच.

आणि या सगळ्या रडारडीत एक बाई बुंदीचे लाडू घेऊन आली.

नलिनीबाई. नर्स म्हणून निवृत्त झालेल्या, ऐंशीकडे झुकलेल्या, पण चालणं अजून वॉर्डातल्यासारखं ताठ. म्हणाल्या, "माह्या पोरीची कबर तुमच्या रस्त्यात येऊन राहिली. लई उपकार झाले." मला वाटलं, टोमणा आहे. टोमणा नव्हता.

त्यांची मुलगी रूथ लहानपणी तापानं गेली. तोच ताप नलिनीबाईंनाही होता. त्या इस्पितळात बेशुद्ध, त्यामुळे मुलीला मातीत ठेवताना त्या नव्हत्या. नवरा आणि पाळक तेवढे होते. नवऱ्यानं चांगला दगड लावून घेतला आणि नंतर त्या विषयावर तोंड उघडलं नाही. पुढे नवऱ्याला उमरेडकडे कोळशाच्या खाणीवर नोकरी लागली, बिऱ्हाड तिकडे गेलं. पहिली काही वर्षं नलिनीबाईंची कबरस्तानात यायची हिंमत झाली नाही. मग एकदा एसटीनं एकट्याच आल्या, डॅनियलनं दगड दाखवला, आणि तेव्हापासून दर नोव्हेंबरात मृतांच्या दिवशी त्या येत राहिल्या.

"गेली तवा तिचा सहाचा पाढा झाला होता. सातावर अडली होती," त्यांनी मला सांगितलं. "म्हटलं, अभ्यास काहून सोडायचा? दर साली एक पाढा म्हणून दाखवते तिले."

साताचा, आठाचा, असं करत तिसापर्यंत झालं. मग पावकी, निमकी, दिडकी. मागच्या वर्षी औटकी, म्हणजे साडेतीनचा पाढा, तोही झाला. हे सगळं त्या बाजाराची यादी सांगावी तसं सांगत होत्या. मी गणिताची बाई, पण औटकी मला येत नाही, आणि हे ऐकताना मला पाणी प्यावंसं वाटलं.

उपकाराचं कारण असं. नवरा वारल्यावर त्याला शहराबाहेरच्या नव्या दफनभूमीत ठेवलं, कारण जुनी कधीच भरून बंद झालेली. त्याच्या शेजारची जागा नलिनीबाईंनी स्वतःसाठी राखली, आणि स्वतःच्या दुसऱ्या बाजूला एका लहान पेटीपुरती जागा पाळकांकडून मागून घेतली. पण कोणाला वाटलं म्हणून कबर उघडता येत नाही. सरकारला रस्ता हवा असेल तर उघडते. "एका बाजूनं नवरा, एका बाजूनं लेक, मधात मी," त्या बोटांनी दाखवत म्हणाल्या. "आतापावतर कधी तिघं एका ठिकाणी झोपलोच नाही. माही नाइट ड्युटी राहायची." एवढंच हवं होतं त्यांना. माझ्या सगळ्या वारसांत काही न मागणारी ही एकच, आणि हिचं काम नीट करून द्यायचं असं मी मनात पक्कं केलं.

रस्त्यात दगडांच्या दोन ओळी जाणार होत्या. दुसऱ्या ओळीच्या दगडांच्या मागून मी चुन्याची रेघ मारली. रेघेच्या अलीकडचं हलणार, पलीकडचं राहणार. फाटक रस्त्याच्या बाजूला, म्हणजे मावळतीला. सगळ्या दगडांवरची नावं फाटकाकडे तोंड करून. बहुतेक दगडांसमोर घरच्यांनी बांधलेला सिमेंटचा ओटा. अगदी साधं काम होतं.

हिवाळा सरताना सुरुवात केली. सकाळी हिरवे पडदे लावायचे, पाळक प्रार्थना करायचे, मग ठेकेदाराचा मुकादम राजू आणि त्याची माणसं हात लावायची. वरचं कुदळीनं, खालचं खुरप्यानं आणि शेवटी हातानं. आपली काळी माती पावसात फुगते, उन्हात फाटते, त्यात दगडही वाकडे होतात आणि खालचंही फार टिकत नाही. कुठे कुठे पेटीचे खिळे आणि काळपट माती एवढंच हाती लागतं. तीही आम्ही फडक्यात घेऊन छोट्या लाकडी पेटीत ठेवायचो, नाव लिहायचो.

रस्त्याकडच्या पहिल्या ओळीत तेवढंही निघालं नाही. खिळासुद्धा नाही. एका दगडाचा वारस विमानतळाजवळच्या मिहानमध्ये मोठ्या कंपनीत होता. तो फोन उंच धरून परदेशातल्या भावंडांना सगळं दाखवत होता. खड्डा रिकामा निघाल्यावर त्यानं फोन माझ्याकडेच वळवला. "माझे ग्रँडफादर कुठे आहेत? उत्तर द्या!" जणू मी त्यांना पर्समध्ये घालून नेलं होतं. मी शांतपणे मातीबद्दल सांगितलं. तो पोलिसात जातो म्हणाला. डॅनियल खोलीचं दार लावून बसला होता. त्याला बरं नाही, असं राजू म्हणाला.

दुसऱ्या दिवशी रूथचा नंबर. नलिनीबाई पांढरी साडी नेसून आल्या होत्या. सोबत लहान पेटीत अंथरायला एक फ्रॉकचं कापड आणलं होतं, गुलाबी फुलांचं. डॅनियल पडद्याबाहेर भिंतीला टेकून उभा होता.

सिमेंटचा ओटा फोडला, माती काढली. बऱ्याच खाली गेल्यावर राजूनं हात वर केला आणि माझ्याकडे पाहिलं. मी वाकून पाहिलं. हाडं होती, चांगली शाबूत होती, आणि ती लहान मुलीची नव्हती. मांडीचं हाडच एवढं लांब, की ते लपवायला मला सुचेना. पितळेची बटणं निघाली. मग राजूनं मातीतून एक शिट्टी काढली, तीही पितळेची.

नलिनीबाई कडेला येऊन उभ्या राहिल्या. आयुष्यभर माणसाची शरीरं पाहिलेली बाई. त्यांना काय समजवायचं?

"हे कोण आहे?" त्यांनी विचारलं.

माझी नजर पायांवर गेली होती. पाय रूथच्या दगडाखाली होते. डोकं पलीकडे, रस्त्याकडच्या दगडाच्या बुडाशी. मी पाळकांना विचारलं, तुमच्यात कसं ठेवतात? ते म्हणाले, "डोकं मावळतीला, पाय उगवतीला. पुनरुत्थानाच्या दिवशी उठलं की तोंड सूर्याकडे व्हावं. दगड उशाशी." म्हणजे या माणसाचा उशाचा दगड रूथचा नव्हताच. त्याचा दगड होता पहिल्या ओळीतला, आमच्याकडे पाठ केलेला. मी त्याला वळसा घालून नाव वाचलं. सॅम्युअल, रेल्वेत गार्ड. त्याचं कोणी आलं नव्हतं. नोटीस निघाल्यावरही नाही आणि त्याआधीही कधी नाही.

तेव्हा पडदा बाजूला करून डॅनियल आत आला आणि ओट्याच्या तुकड्यांवर मटकन बसला.

"मी फिरवले दगड," तो म्हणाला.

पूर्वी फाटक उगवतीला होतं. माणूस आत यायचा तो कबरीच्या पायथ्याशी, आणि समोर उशाच्या दगडावर नाव वाचायचा. पुढे मावळतीकडून रस्ता झाला तसं फाटक तिकडे आलं, आणि आत शिरणाऱ्याला सगळ्या दगडांच्या पाठी दिसायला लागल्या. डॅनियल तेव्हा नवा होता. कोणी मोठे धर्मगुरू भेटीला येणार होते. वाकलेले दगड सरळ करायला मिस्त्री आलाच होता, तर यानं त्याला सांगितलं, तोंडं इकडे करून दे, आल्याबरोबर नाव दिसलं पाहिजे. दगड जागचा हलला नाही, नुसता फिरला.

"मले वाटलं, कबर तिथंच आहे, दगड तिथंच आहे. काय बिघडते?" डॅनियल म्हणाला. "मंग लोक दगडाच्या समोर बसू लागले. समोर तर पुढच्या ओळीतला माणूस! म्हटलं सांगू उद्या, सांगू परवा. तंवर ओटे बांधले त्याईनं. एवढे फुलं, एवढ्या मेणबत्त्या. कोण्या तोंडानं सांगू?"

मी मनात हिशेब केला. दोन्ही ओळी एकेका माणसानं चुकलेल्या. पहिल्या ओळीवाल्यांनी नुसत्या मातीवर फुलं वाहिली, दुसऱ्या ओळीवाल्यांनी शेजाऱ्यावर. मिहानवाल्याचे आजोबा दुसऱ्या कोणाच्या तरी ओट्याखाली होते. आणि रूथ होती तिच्या दगडाच्या मागे. माझ्या चुन्याच्या रेघेच्या पलीकडे.

नलिनीबाई डॅनियलकडे बघत होत्या. मला वाटलं, मारतील.

"तू मले बसाले स्टूल आणून देत होता," त्या म्हणाल्या. आवाज चढला नव्हता, म्हणून जास्त लागत होता. "दर साली चहा देत होता. मी तिथं बसून पाढे म्हणून राहिली होती, अन् तू पाहून राहिला होता. मेल्या, एक शब्द नाही निघाला तुह्या तोंडातून?"

डॅनियल रडायला लागला. म्हातारा माणूस रडताना बघवत नाही. राजूची माणसं घमेली ठेवून दुसरीकडे गेली.

मग त्या खड्ड्याकडे वळल्या. "मंग इतके वर्ष मी कोणाशी बोलून राहिली होती? या गार्डाशी?" आणि एकदम हसल्या, पण डोळे भरलेले. "औटकीपावतर पाठ झालं असंन बुढ्याले."

मी त्यांना सावलीत नेऊन बसवलं. सांगावं तर लागणारच होतं, म्हणून सांगितलं: रूथ रेघेच्या बाहेर आहे. तिला हलवायचा हुकूम नाही. वेगळा अर्ज करावा लागेल आणि त्याचं काय होईल ते मला सांगता येत नाही. ज्या पडताळणीचा मला अभिमान होता, तिनंच या बाईचं काम मोडलं होतं.

राजू जवळ आला. चांगला मुलगा होता. हळूच म्हणाला, "मॅडम, पडदा आहेच. दगडाच्या मांगं खोदून टाकतो. कोणाले समजते? मावशीची पोरगी मावशीले देऊन टाकू."

मी नाही म्हणाले नाही. नियमाची बाई मी, सगळ्या नोकरीत वीतभर रेघ कोणासाठी सरकवली नाही, बाप्पा! पण त्या सकाळी मी मान खाली घालून उभी राहिले. नलिनीबाईंना म्हटलं, "तुम्ही म्हणाल तसं."

त्या बराच वेळ मांडीवरचं फ्रॉकचं कापड नीट करत बसल्या.

"मले एक सांग पोरी. या गार्डाचे हाडं राहिले. सहा-सात वर्षाच्या लेकराचं या मातीत काय राह्यते?"

मला खोटं बोलायचं होतं. "काही राहत नाही, नलिनीबाई," मी म्हटलं.

"तेच. मले माहीत आहे. मी तरी कोणाले इचारून राहिली." त्यांनी कापडाची घडी केली. "तू मले घमेलंभर माती देशील. ते मी घेऊन जाईन, अन् मंग वाटत राहीन, अर्धी तिथं राहिली का काय. नको. तिच्या बापानं जिथं निजवली तिथंच राहू दे. आतापावतर चुकीच्या जागी बसली. आता बरोबर जागा समजली तर उकरून काहून टाकू?"

"पण तुम्ही तिघं..." मी म्हटलं.

"नाही होत तं नाही होत." एवढं बोलून त्यांनी पदर तोंडाला लावला. तेव्हा मात्र त्या मोठ्यानं रडल्या. नर्सबाईसारख्या नाही, आईसारख्या. मीही रडले. मला काय कारण होतं? आमच्यात आता जाळतात. माझ्या आजाला मात्र उमरेडकडच्या गावात नाल्याकाठी पुरला होता, वर दगडही नव्हता. तिथे आता काय आहे ते मला माहीत नाही. कधी बघायला गेले नाही.

रडून झाल्यावर त्यांनी तोंड पुसलं आणि राजूला हाक मारली. फ्रॉकचं कापड त्याच्या हातात दिलं. "त्या बुढ्याच्या पेटीत टाक हे. त्याले कोणी नाही. माह्या बाजूची जागा रिकामी आहे, तिथं ठेवा त्याले. इतके वर्ष माही बडबड ऐकली, आता काय परका आहे?" मग पाळकांकडे पाहून, "नवरा एका बाजूनं अन् गार्ड एका बाजूनं. लोक काय म्हणतील ते म्हणू द्या."

गार्डाला त्या गुलाबी फुलांवर ठेवलं. शिट्टीही ठेवली.

मग त्या डॅनियलसमोर जाऊन उभ्या राहिल्या. "काहून बसून राहिला गा? ऊठ. तू फिरवला न? तूच परत फिरव."

रूथचा दगड तसाही रेघेच्या आत येत होता. तो मी नियमानं हलवला, वीतभर मागे, रेघेच्या पलीकडे. डॅनियलनं राजूच्या माणसांना हात लावू दिला नाही. पहार घालून, खांदा लावून, धापा टाकत त्यानं तो पुन्हा उगवतीकडे फिरवला. नलिनीबाई कबरीला वळसा घालून पलीकडे गेल्या. मागच्या ओळीतल्या दगडाचं कोणी येत नसे, त्यामुळे तिकडे ओटाही नव्हता, नुसतं गवत आणि बाभळीचं एक रोप. मी स्टूल न्यायला लागले तर नको म्हणाल्या. खालीच बसल्या, पायथ्याशी, जिथून नाव समोर दिसतं तिथे.

मी म्हटलं, "तुम्ही पलीकडे बसायच्या ते तिच्या उशाशीच होतं. मधे नुसता दगड. तिला ऐकू येत असेल."

"ऐकू आलं तरी मांगून म्हटलेला पाढा काय पाठ होते?" त्या म्हणाल्या. "पुन्हा सातापासूनच घ्या लागते." आणि सुरू केलं. सात एके सात, सात दुणे चौदा. आम्ही सगळे उभे होतो. राजूनं डोक्यावरचं फडकं काढलं होतं.

रस्ता झाला. आता त्यावरून मिहानकडे जाणाऱ्या गाड्या भरधाव जातात आणि कडेला कबरस्तानाची नवी भिंत आहे. बाकीच्या ओळीही डॅनियलनं उगवतीला फिरवून घेतल्या. मिस्त्रीला दमानं समजावताना मी त्याला पाहिलं. मिहानवाल्याचे आजोबा सापडले, त्यानं पुन्हा चित्रीकरण केलं, मला धन्यवादही म्हणाला. साहेबांनी कामाचं कौतुक केलं. घरी येऊन मी झोपले.

पुढच्या नोव्हेंबरात नलिनीबाईंनी आठाचा पाढा घेतला. त्याच्या पुढच्या नोव्हेंबरात त्या नव्हत्या. नवऱ्याच्या आणि गार्डाच्या मधे त्यांना ठेवलं, तेव्हा मी गेले होते. व्यवस्थित, एका ओळीत, सगळ्यांची तोंडं सूर्याकडे. शहराच्या या टोकाला त्या आणि त्या टोकाला मुलगी. त्या सकाळी मी आणखी आग्रह करायला हवा होता की नको, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

यंदा मृतांच्या दिवशी हुडकेश्वरहून ऑटो करून गेले. डॅनियलला आता दिसत नाही फारसं, पण त्यानं माझा आवाज ओळखला आणि काही न विचारता स्टूल उचलून भिंतीच्या कडेकडेनं पलीकडच्या बाजूला आणून ठेवलं. मेणबत्ती वाऱ्यानं दोनदा विझली. आजूबाजूला लोक होते, लाज वाटत होती. माझी ती कोण? मग गुडघे धरून बसले, घसा साफ केला आणि तिच्या नावाकडे बघून म्हटलं, नऊ एके नऊ.